सॅन अँटोनियोची मिशन्स: टूर बस घ्यावी का आपली गाडी काढावी?

भारतातून आई-बाबा किंवा सासू-सासरे आले की टेक्सासमधल्या आपल्या मंडळींचं सॅन अँटोनियो ठरलेलंच असतं, आणि रिव्हर वॉकची बोट झाली की पुढचा प्रश्न येतो मिशन्सचा. डाउनटाउनमधून निघणारी गाइडेड टूर बस घ्यायची, का आपली गाडी काढून एकेक मिशन बघत जायचं आणि सॅन होजेला पार्कचे रेंजर लोक जी चालत माहिती सांगतात ती गाठायची? मी दोन्ही केलंय, ज्येष्ठांना घेऊन पण आणि मित्रांबरोबर पण, त्यामुळे जे वाटलं ते लिहितो. तुमचा अनुभव वेगळा असू शकतो, गाइड कोण मिळतो यावर बरंच असतं.

मिशन म्हणजे स्पॅनिश राजवटीत फ्रान्सिस्कन (कॅथलिकांमधला एक संघ) पाद्र्यांनी इथल्या मूळच्या लोकांना ख्रिस्ती करायला उभारलेली चर्चभोवतीची वसाहत, एवढं ढोबळ धरून चला. (वसईकरांना तर फ्रान्सिस्कन नवे नाहीतच, वसईचे संत गोन्सालो गार्सिया मनिलाला जाऊन स्पॅनिश फ्रान्सिस्कनांमध्येच सामील झाले होते.) फक्त एक गोष्ट आधी डोक्यात पक्की असू द्या. आलामो हे पाचातलं एक मिशन, १७१८ चं, पण ते टेक्सास राज्याकडे आहे, त्याचा कारभार वेगळा. बाकीची चार म्हणजे कॉन्सेप्शिऑन, सॅन होजे, सॅन हुआन आणि एस्पादा, ही नदीच्या काठाने दक्षिणेकडे दोन-तीन मैलांवर एकेक अशी आहेत, नॅशनल पार्कमध्ये येतात आणि तिथे तिकीट नाही. म्हणजे टूरला जे पैसे देता ते बसचे आणि गाइडच्या बोलण्याचे, जागा फुकटच आहे. हे कळल्यावर आमच्या बाबांचा चेहरा बघण्यासारखा झाला होता.

बसच्या बाजूने आधी बोलतो, कारण तिच्यात चांगलं खरंच आहे. डाउनटाउनचं पार्किंग शोधायचं नाही, एसीत बसायचं, आणि गाइड लोक गोष्टीवेल्हाळ असतात. सॅन होजेच्या भिंतीवरची ती कोरीव रोज विंडो आहे ना, तिची गोष्ट आमच्या गाइडने इतकी रंगवून सांगितली, की पेद्रो उइसार नावाचा कारागीर, त्याची रोसा स्पेनहून येताना जहाजाबरोबर बुडाली आणि त्या दुःखात त्याने वर्षानुवर्षं ही खिडकी कोरली, की आईने डोळे टिपले. नंतर रेंजरच्या तोंडून तीच गोष्ट ऐकली तर ती "दंतकथा आहे हं" म्हणून दोन वाक्यात मोकळी झाली आणि रेंजरबाई नक्षीतली पानं-फुलं दाखवायला लागल्या. करमणूक हवी असेल तर पहिली बरी, हे मान्य.

पण बसचं वेळापत्रक. सुरुवात आलामोला, आणि तिथे नमनाला घडाभर तेल. मेक्सिकोच्या सैन्याचा तेरा दिवसांचा वेढा, ६ मार्च १८३६ ची पहाट, आत लढणारे टेक्सासचे क्रॉकेट, बोवी, ट्रॅव्हिस, बाहेर मेक्सिकोचा सेनापती सांता आना, हे सगळं भारी आहे, पण ही लढाईची गोष्ट झाली, मिशनची नाही. आलामोचा मिशन म्हणून कारभार १७९३ लाच बंद झाला होता, नंतर तिथे सैन्याची तुकडी राहायला आली, लढाई त्याच्याही नंतरची. ती ऐकून, फोटो काढून, समोरच्या दुकानांत टोप्या बघून होईस्तोवर सकाळ संपते आणि खरी मिशन्स उरलेल्या वेळात उरकायची. आमच्या टूरमध्ये कॉन्सेप्शिऑन आणि सॅन होजे होती, सॅन हुआन आणि एस्पादा नाहीच. बऱ्याच टूर्स अशाच असतात, वेबसाइटवर मोठ्या अक्षरात "मिशन्स" आणि आत बघितलं तर दोन.

तरी तेवढं मी सोडून दिलं असतं. माझं घोडं पेंड खाल्लं ते कॉन्सेप्शिऑनला. शनिवार होता. बस थांबली तर चर्चच्या दारात लग्नाचं वऱ्हाड, फिकट निळ्या झग्यातल्या करवल्या, एका बाजूला मारियाचीवाले (मेक्सिकन वाजंत्रीवाले) गिटार जुळवतायत, आणि दारावर एक आजोबा उभे, हात जोडल्यासारखे करून सगळ्यांना सांगतायत की लग्न संपेपर्यंत आत नाही. आता यात त्यांचं काहीच चुकलं नाही. ही चारही चर्च चालू आहेत, दर रविवारी तिथे प्रार्थना होते, लग्नं होतात, अंत्यसंस्कार होतात, पार्ककडे आजूबाजूचा परिसर आहे पण चर्चच्या आतला कारभार धर्मप्रांताचा. आणि ज्या मूळच्या लोकांनी ही मिशन्स बांधली त्यांचे वंशज अजून ह्याच परिसरात आहेत, काही घरं ह्याच चर्चला जातात. लग्न त्यांचं, चर्च त्यांचं, आपण पाहुणे.

पण बसला ते चालत नाही ना. गाइडने घड्याळ बघितलं, वीस मिनिटं म्हणाला, सगळ्यांना शेजारच्या खोल्यांकडे वळवलं, छतावर तो मिशीवाला चेहऱ्याचा सूर्य रंगवलेला आहे तो अख्ख्या बसने माना वर करून दोन मिनिटांत बघितला, बाबा अजून चष्मा पुसतायत तोवर पुढची मंडळी बाहेर, आणि चला बसमध्ये. "लग्न किती वेळ चालेल?" असं आईने विचारलं तर गाइड म्हणाला अर्धा-पाऊण तास, पण आपल्याला थांबता येणार नाही. आणि आतलं चर्च म्हणजे कॉन्सेप्शिऑनचं सगळ्यात मोठं कौतुक आहे हो. १७५५ मध्ये ते वापरात आलं आणि त्याचं छप्पर कधी पडलंच नाही, जवळजवळ बांधलं तसं उभं आहे. टेक्सासमध्ये येऊन तेवढ्या जुन्या छताखाली उभं राहायचं सोडून आम्ही पार्किंगमधून दोन मनोऱ्यांचे फोटो काढले.

नंतर आपल्या गाडीने गेलो तेव्हाही तिथे काहीतरी कार्यक्रम चालू होता, यावेळी बहुतेक बारसं. आम्ही काय केलं, गाडी वळवली, सॅन हुआनला गेलो, झाडाखाली बसून घरून आणलेले थेपले खाल्ले, तिथलं शेत बघितलं (फूड बँकेबरोबर करतात, आणि पाणी जुन्या मिशनच्या पाटाचं), आणि परत कॉन्सेप्शिऑनला आलो तर आत चिटपाखरू नाही. निवांत बसलो. मला वाटतं सगळी तुलना इथेच संपते, बाकीचं मी उगाच लिहितोय.

बरं, मग "आपलं आपण गेलो तर सांगणार कोण?" हा आक्षेप बरोबर आहे. नुसत्या भिंती बघून काही कळत नाही, पाट्या वाचून तर आमच्याकडे कोणीच काही लक्षात ठेवत नाही. म्हणूनच सॅन होजे आणि तिथला रेंजर. सगळ्यात मोठं मिशन हे, १७२० सालचं, पाद्री अंतोनियो मार्हिल यांनी स्थापलेलं, आणि पार्कचं व्हिजिटर सेंटरही तिथेच. आम्हाला भेटलेल्या रेंजरबाईंनी सुरुवात चर्चपासून केलीच नाही, तटाच्या भिंतीला लागून ज्या ओळीने खोल्या आहेत तिथे नेलं. दार बुटकं, आत एकदम गार, एका कुटुंबाला जेमतेम जागा. इथे राहायचे ते कोआहुइल्टेकन म्हणून एकत्र ओळखले जाणारे लोक, म्हणजे खरंतर कितीतरी छोट्या छोट्या टोळ्या. उत्तरेकडून अपाचींचे हल्ले, दक्षिणेकडून स्पॅनिश सरकत येणार, आणि दोघांच्या आधी पोचलेले देवी-गोवरासारखे आजार, यात सापडलेली माणसं जेवण आणि तटाचं संरक्षण मिळतं म्हणून आत आली. आत आल्यावर दिवस घंटेवर. प्रार्थना घंटेवर, शेतावर जाणं घंटेवर, जेवण घंटेवर. कंटाळून पळून गेलं तर शिपाई शोधून परत आणायचे. १७३९ च्या साथीत मिशन्सची मिशन्स ओस पडायची वेळ आली होती. हे बसमध्ये आम्ही ऐकलंच नव्हतं, तिथे पाद्री कसे कष्टाळू होते यावर भर. खोटं नव्हतं, अर्धं होतं.

मग रेंजरबाईंनी चर्चकडे नेलं आणि शांतपणे सांगितलं की हे जे बघताय त्यातलं बरंच पुन्हा उभं केलेलं आहे. १८७४ मध्ये घुमट कोसळला, १९२८ मध्ये मनोरा, आणि १९३० च्या दशकात मंदीच्या काळात सरकारने कामगार लावून परिसर परत बांधला. मनोऱ्याच्या एका कोपऱ्यावर मूळची रंगीत नक्षी कशी दिसत असेल त्याचा नमुना रंगवून ठेवलाय, बारकाईने बघा, नाहीतर नजरेतून सुटतो. तेव्हा डोक्यात प्रकाश पडतो की ही चर्च दगडी करड्या रंगाची नव्हतीच, बाहेरून झगझगीत होती. आईला इंग्लिश बोलणं भराभर झालं की समजत नाही, बसच्या स्पीकरवरचं टेक्सन बोलणं तर अर्धं वाऱ्यावर. इथे समोरासमोर उभं राहून ती "हळू सांगा" म्हणाली आणि बाईंनी हळू सांगितलं.

तोटा आहे, लपवत नाही. रेंजरची फेरी फुकट असते पण हमखास नसते. मनुष्यबळावर अवलंबून, कधी असते कधी रद्द होते, वेळा बदलतात. सकाळी व्हिजिटर सेंटरला फोन करून विचारायचं आणि बाकीचा दिवस त्याभोवती बसवायचा. आणि ती सॅन होजेपुरतीच धरून चाला, इतर ठिकाणी कोणी भेटलं तर नशीब. पण सॅन होजेला नीट समजलं की बाकीच्या तिन्ही ठिकाणी आपल्यालाच दिसायला लागतं, कुठली भिंत तटाची, कुठे खोल्या होत्या, पाट कुठून आत यायचा.

पाटावरून आठवलं, एस्पादा सोडू नका. मिशन छोटंसं आहे, मूळचं १६९० चं, पूर्व टेक्सासातून १७३१ ला इथे हलवलेलं, आणि त्याच्या दाराची कमान इतकी विचित्र आकाराची आहे की गवंड्याने दगड उलटसुलट बसवले का मुद्दाम केलं यावर लोक अजून वाद घालतात. पण खरी मजा थोडं अलीकडे रस्त्यालगत आहे, एस्पादाचा जलसेतू. १७४० च्या दशकातला. खाली ओढा, वर दोन दगडी कमानी, आणि त्या कमानींवरून वीतभर खोल दिसणारं पाणी अजून वाहतंय, शेताकडे. बाबा मूळचे पुण्याचे, ते तिथे जे थांबले ते हलेनात, कात्रजचं पाणी नानासाहेब पेशव्यांनी शनिवारवाड्यापर्यंत आणलं ते साधारण ह्याच सुमाराला म्हणून आम्हाला सगळ्यांना ऐकवलं, वाकून दगडाचे सांधे तपासले. तिथे बसचा हॉर्न नव्हता हे सगळ्यात बरं.

सायकलबद्दल विचारणारेही असतात. मिशन रीच म्हणून नदीकाठचा आठ मैलांचा पक्का रस्ता आहे, २०१३ मध्ये पूर्ण झाला, सुंदर आहे, पण सावली कमी. नोव्हेंबर ते मार्च तरुण मंडळींनी जरूर जावं. जुलैमध्ये सासऱ्यांना सायकलवर बसवू नका एवढंच.

मग ठरवायचं कसं? गाडी असेल आणि दिवस मोकळा असेल तर माझा कल कुठे आहे ते तुम्हाला कळलंच असेल. शक्यतो आठवड्याच्या मधला वार घ्या. शनिवारी लग्नं, रविवारी दुपारी सॅन होजेला मारियाचीची प्रार्थनासभा, ती ऐकायला जायचं असेल तर शांत बसायच्या तयारीने जा, कॅमेरा घेऊन फिरायला नाही. आलामोच्या चर्चला प्रवेश फुकट असला तरी वेळ आधी ऑनलाइन घ्यावी लागते, ते वेगळं उरका, आदल्या संध्याकाळी रिव्हर वॉकबरोबर.

कॉन्फरन्सला विमानाने आलात, गाडी नाही, हातात अर्धाच दिवस, किंवा बरोबरच्या ज्येष्ठांना चढ-उतार आणि ऊन अजिबात सोसत नाही, तर बस घ्या, अगदी बिनधास्त घ्या. फक्त बुक करताना दोन गोष्टी फोनवर विचारून घ्या, एस्पादाला थांबता का, आणि चर्चमध्ये कार्यक्रम असला तर काय करता. दुसऱ्या प्रश्नावर समोरचा जरा अडखळला तर निदान वार तरी बदलून घ्या.