रामकुंडावरची नामावळ : आडनावाचं मूळ शोधायचं असेल तर एकदा बसून वाचून घ्याच

गंगेवर नाशिकच्या रामकुंडाशी क्रियाकर्म करणाऱ्या गुरुजींकडे जी आपल्या घराण्याच्या नावांची वही असते, तिला ते लोक नामावळ म्हणतात, तिच्याबद्दल लिहितोय. (बाहेरगावच्यांसाठी सांगतो, आम्ही नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतो.) हॉटेलचे, मिसळीचे रिव्ह्यू सगळे टाकतात, ह्याच्यावर कोणी लिहिलेलं मला तरी सापडलं नाही म्हणून जरा सविस्तर लिहितो.

पहिला अनुभव वाईट होता, तो आधी सांगतो. मागच्या वर्षी वडील गेले, अस्थी घेऊन रामकुंडावर गेलो तेव्हा डोकं ठिकाणावर नव्हतं. एकाने विचारलं आडनाव काय, म्हटलं पाटील, तालुका चांदवड. त्याने लगेच एक वही काढली आणि भराभरा नावं वाचायला लागला, आम्ही मान हलवत बसलो. नाना, म्हणजे माझे चुलते, ते मधेच म्हणाले थांबा, ह्यातलं एकही नाव आमचं नाही. खरंच नव्हतं, शेजारच्या गावच्या पाटलांचं पान होतं ते. घाईत दुसऱ्याच्या पूर्वजांना पाणी दिलं गेलं असतं आमच्याकडून. खूप लागलं मनाला ते.

म्हणून सहा महिन्यांनी मुद्दाम गर्दी नसलेला दिवस बघून परत गेलो, नानांना सोबत घेतलं, गाडी गौरी पटांगणात लावली आणि ह्या वेळी आमच्या गावची वही कोणाकडे आहे ते विचारत विचारत गेलो. तिथे गुरुजींच्या प्रत्येक घराण्याकडे गावं आणि आडनावं वाटून दिलेली आहेत पिढ्यान् पिढ्या, त्यामुळे बरोबर माणूस सापडणं हेच अर्धं काम. ह्या गुरुजींनी पहिला प्रश्न विचारला तो असा, "पाटील ठीक आहे हो, पण कुठले पाटील? मूळ आडनाव काय? देवक काय?" (देवक म्हणजे कुळाचं पूज्य चिन्ह, झाडपाल्यासारखं.) मी गप्पच. माझ्या आधारकार्डावर, दहावीच्या सर्टिफिकेटवर, दारावरच्या पाटीवर सगळीकडे पाटीलच आहे. नाना म्हणाले जाधव असावं बहुतेक, म्हातारी माणसं म्हणायची.

मग गुरुजींनी जे समजावलं ते मला फार पटलं. पाटील, कुलकर्णी, देशमुख, देशपांडे ही सगळी कामाची नावं, वतनाची, म्हणजे गावकामाच्या वंशपरंपरागत हक्काची. गावोगाव एक पाटील, एक कुलकर्णी, मग नुसत्या आडनावावरून वही कशी सापडणार? आमच्या शेजारी एक चिटणीस बसले होते, त्यांना म्हणाले तुमच्यातला नीस म्हणजे फारसीतला नवीस, लिहिणारा. फडणीस, पोतनीस, सबनीस, सगळे एकाच माळेतले. मुजुमदार म्हणजे मजमूदार, हिशेब तपासणारा. वतनं गेली, कुलकर्ण्यांचं वतन तर १९५० च्या कायद्याने रद्दच झालं, पण नावं घराला चिकटली ती चिकटलीच.

आणि मग बासन, म्हणजे वहीवर गुंडाळलेलं कापड, सोडलं. लांबट वही, कडा काळ्या पडलेल्या, जुनी पानं सगळी मोडी लिपीत. गुरुजी बोट न टेकवता वरून वरून फिरवत होते कारण कागद हाताला लागला तर तुटतो. एका ठिकाणी थांबले आणि वाचलं, "शके १८४२, राणोजी बिन दगडू जाधव, मोकदम, मौजे" आणि पुढे आमच्या गावाचं नाव. शके १८४२ म्हणजे १९२० सालचा सिंहस्थ, नाशिकचा कुंभमेळा. नानांचे डोळे भरले, माझ्या अंगावर काटा आला. मोकदम म्हणजेच पाटील, जुन्या कागदात तसंच लिहितात. आणि बिन म्हणजे मुलगा, दगडूचा मुलगा राणोजी.

पुढच्या काही पानांनंतर बाळबोध, म्हणजे आपली देवनागरी, सुरू होतं. तिथे १९५६ च्या सिंहस्थातली नोंद आहे, माझ्या आजोबांच्या स्वतःच्या हातची, निळ्या शाईत, "दगडू राणोजी जाधव पाटील". बिन गेला, बापाचं नाव मधे आलं, मोकदमाच्या जागी पाटील. खाली "चि. रमेश". ते माझे वडील, तेव्हा सहा वर्षांचे. त्याच सुमारास शाळेत नाव घातलं, आणि वडिलांचा शाळेचा दाखला आमच्या घरी आहे त्यावर आहे "रमेश दगडू पाटील". पाटलाचा मुलगा म्हणून मास्तरांनी पाटील लिहिलं असणार, जाधव तिथे गळालं ते गळालंच. आमची एक शाखा येवल्याकडे आहे ते अजून जाधव लावतात आणि मी आजवर त्यांना लांबचे कोणीतरी समजत होतो!

जाधव हे यादवचंच रूप हे तर माहीतच असेल. देवगिरीला जायच्या आधी यादवांची राजधानी इथेच सिन्नरला होती, गोंदेश्वराचं देऊळ बघितलं असेल तुम्ही. म्हणून प्रत्येक जाधव काही राजघराण्यातला होत नाही आणि आम्हीही तसं म्हणत नाही, पण आपलं नाव आपल्याच जिल्ह्याच्या मातीतलं आहे ह्याचं बरं वाटतं.

मला सगळ्यात जास्त काही मिळालं असेल तर ते दगडू ह्या नावातून. लहानपणी मला आजोबांचं नाव सांगायला नको वाटायचं, दगडू काय नाव आहे असं पोरं म्हणायची. गुरुजी म्हणाले लेकरं जगत नव्हती तेव्हा दगडू, धोंडू, केरबा अशी नावं ठेवायचे, म्हणजे नजर लागू नये, काळाने बघितलं तरी पुढे जावं. आणि तेव्हा नाना बोलले, त्यांच्या आजीने सांगितलेलं, की तिच्या सासऱ्याच्या आधी दोन लेकरं गेली होती, हा राहिला. म्हणजे ते नाव खापरपणजोबांना जगावं म्हणून ठेवलं आणि मग आजोबाचं नाव नातवाला द्यायची रीत, म्हणून ते माझ्या आजोबांकडे आलं. नवसासारखं नाव होतं हो ते. हे मला चाळिसाव्या वर्षी कळलं.

आता जे नाही आवडलं ते. बायकांची माहिती फारच कमी आहे. राणोजींची बायको "भागीरथी" एवढीच. ते सासरचं नाव, लग्नात ताटात तांदूळ पसरून त्यावर अंगठीने लिहिलेलं. माहेरी तिला चिमणी म्हणायचे हे फक्त नानांना ठाऊक, आणि माहेरचं आडनाव तर त्यांनाही नाही. श्राद्धात आई, आजी, पणजी तिघींची नावं घेतात मग वहीत त्यांचं माहेर का नको? लेकींची नावं तर जवळजवळ नाहीतच. मी विचारलं तर गुरुजी म्हणाले, "लिहून देणारे सांगत नाहीत हो, तुम्ही सांगा, मी लिहितो." त्यांचंही बरोबर आहे म्हणा. दुसरं म्हणजे फोटो काढू दिला नाही, इतरांच्या घरच्या नोंदी असतात शेजारी, ते पटलं, पण वहीला वाळवी लागलेली स्पष्ट दिसत होती, आमच्याच घराण्याची सगळ्यात जुनी नोंद अर्धी खाल्लेली आहे, तिचं शकही वाचता आलं नाही. स्कॅन करून ठेवायला पाहिजेत लवकरात लवकर.

दक्षिणा त्यांनी मागितली नाही, आम्ही ५०१ दिले. सव्वा तास बसलो. पाचपैकी चार स्टार देतो, एक वाळवीचा कापला.

जाणार असाल तर गावाचं जुनं नाव, पणजोबांचं नाव, कुलदैवत, देवक एवढं कागदावर लिहून न्या आणि घरातलं सगळ्यात म्हातारं माणूस सोबत न्याच. २०२६-२७ चा सिंहस्थ तोंडावर आहे, तेव्हा तिथे उभं राहायला जागा नसेल, त्याआधीच उरकून घ्या.

शेवटी गुरुजींनी पेन माझ्या हातात दिलं. वडिलांच्या नावापुढे तिथी लिहिली. आईचं नाव लिहिलं, तिचं माहेरचं नाव आणि गाव पण. माझी मुलगी १ मे २०२४ नंतरची, त्यामुळे नव्या नियमाने तिच्या दाखल्यावर आधी आईचं नाव आणि मग माझं, तसंच वहीतही लिहिलं. आडनावापाशी थांबलो, नानांकडे बघितलं. ते म्हणाले दोन्ही लिही. म्हणून आजोबांच्या सहीखाली आता जाधव पाटील आहे, आणि ताईचं नाव राहिलंय, ती रक्षाबंधनाला आली की तिला घेऊन जाणार आहे, तिचं ती स्वतः लिहील.