लेपर्ड गेकोच्या पेटीत खाली काय घालावं: कागद, फरशी की जिवंत माती?

लेपर्ड गेको म्हणजे घरी पाळली जाणारी ठिपकेदार पाल. ती घरी आणायच्या आधीच हे ठरवा, कारण पुढची सगळी साफसफाई त्यावर अवलंबून असते. माझं मत आधीच सांगते: नवा गेको पहिले तीन महिने कागदावर ठेवा, मग फरशीवर. मातीचं नंतर बघू.

दुकानात बहुतेक वेळा सुटी वाळू गळ्यात मारतात. ती घेऊ नका. हा प्राणी अफगाणिस्तान, पाकिस्तान आणि वायव्य भारतातल्या कोरड्या, खडकाळ, टणक जमिनीवरचा आहे. किड्यावर झडप घालताना वाळू तोंडात जाते आणि आतडं तुंबू शकतं. पिल्लांना आणि पेटी पुरेशी गरम नसेल तर हा धोका जास्त.

किचन टॉवेलचा कागद दिसायला रुक्ष, पण त्यावर विष्ठा स्पष्ट दिसते. निरोगी विष्ठा गडद तपकिरी, घट्ट आणि टोकाला खडूसारखा पांढरा खडा. ती सतत पातळ होऊ लागली किंवा गेकोची शेपटी बारीक होत गेली, तर नमुना घेऊन प्राण्यांच्या डॉक्टरांकडे जा. क्रिप्टोस्पोरिडियम नावाचा परजीवी नेहमीच्या ब्लीचलाही दाद देत नाही, आणि अशा वेळी सरळ उचलून फेकता येणारा कागदच कामाला येतो. मात्र खायला सोडलेले किडे त्याखाली लपतात आणि कागद सारखा बदलावा लागतो.

फरशी खडबडीत हवी. गुळगुळीत फरशीवर पाय घसरतात. या गेकोच्या बोटांना आपल्या भिंतीवरच्या पालीसारखी चिकट गादी नसते. फरशी ऊब धरून ठेवते आणि नखंही झिजवते. गेको सहसा एकच कोपरा शौचाला धरतो. आमच्याकडे त्या कोपऱ्यात एक छोटी फरशी सुटीच ठेवली आहे. रोज तेवढीच उचलायची, गरम पाण्याने घासायची, जंतुनाशक लावून बाटलीवर लिहिलेला वेळ थांबायचं, धुऊन पूर्ण वाळवायची. थांबणं आणि वाळणं सोडलं तर दोन मिनिटांचं काम.

जिवंत माती मला मनापासून आवडते. मातीतले बारीक किडे बुरशी आणि उरलंसुरलं खातात, गेकोला उकरायला मिळतं. पण ‘साफच करावं लागत नाही’ हे खरं नाही. मोठी विष्ठा हाताने उचलावीच लागते आणि किड्यांसाठी एक कोपरा ओलसर ठेवावा लागतो. शिवाय गेको आजारी पडला तर अख्खी माती टाकून द्यावी लागते. म्हणून विष्ठेची तपासणी झालेल्या, धडधाकट गेकोसाठीच ती ठेवा.

तिन्ही प्रकारांत गेकोला आत शिरता येईल अशी ओल्या शेवाळाची डबी हवीच. तिच्याविना कात नीट निघत नाही. बोटाला दोऱ्यासारखं कातीचं कडं राहिलं तर रक्त अडून बोट गळतं. पण बुरशीही याच डबीत आधी धरते, म्हणून शेवाळ दर आठवड्याला बदला. आणि पेटीतलं काहीही स्वयंपाकघराच्या सिंकमध्ये धुऊ नका, कारण धडधाकट गेकोच्या विष्ठेतही साल्मोनेला हा माणसाचं पोट बिघडवणारा जंतू असू शकतो.