ऐरोलीची फ्लेमिंगो बोटफेरी: तिकिटाआधी तिथी बघा

ऐरोलीच्या किनारी व सागरी जैवविविधता केंद्रातून निघणारी बोट ठाणे खाडी फ्लेमिंगो अभयारण्यात फिरवून आणते. 2015 साली अभयारण्य म्हणून जाहीर झालेल्या आणि 2022 पासून रामसर यादीत, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या यादीत, असलेल्या या खाडीत पिंजरे नाहीत. पक्षी त्यांच्या वेळेला त्यांच्या जागी असतात, म्हणून आपली वेळ नेमकी असावी लागते. ही फेरी पैसे वसूल करणारी आहे, पण वार बघून तिकीट काढणाऱ्यांपैकी बरेच जण निराश होतात.

फ्लेमिंगो खातात ते उघड्या पडणाऱ्या चिखलाच्या कडेला. पूर्ण भरतीत चिखल बुडतो आणि थवे नवी मुंबईतल्या पाणथळ जागांवर जाऊन बसतात. पूर्ण ओहोटीत बोटीलाच पाणी पुरत नाही. भरती उलटल्यावर साधारण तीन तासांनी चिखल वर येऊ लागतो, बोटीखाली पाणी असतं आणि पक्षी पाण्याच्या रेषेवर ओळीने लागतात. फेऱ्यांच्या वेळा भरतीप्रमाणे रोज बदलतात. ऑनलाइन बुकिंग करताना हे गणित समोर ठेवा.

गणित किनाऱ्यावरचं जुनंच आहे: तिथीची पाऊणपट म्हणजे पूर्ण भरतीची वेळ. अष्टमीला सहा वाजता, खाडीत आत थोडी उशिरा. म्हणजे साडेनऊच्या सुमाराची फेरी उत्तम. षष्ठी ते नवमी हे दिवस सकाळच्या फेरीला सर्वात चांगले. तेव्हा भांगाचं पाणी, म्हणजे कमी चढ-उताराची भरती-ओहोटी असते, ते फार लांब ओसरत नाही आणि पक्षी बोटीच्या वाटेपासून दूर जात नाहीत. पौर्णिमा-अमावास्येला उधाण असतं, भरती दुपारी बाराच्या आसपास येते आणि चिखल उघडा पडेपर्यंत ऊन कलतं. सकाळी ऊन पूर्वेकडून येतं, त्यामुळे भांडुपच्या बाजूचे पक्षी उजळलेले दिसतात. संध्याकाळी त्याच बाजूला नुसत्या काळ्या आकृत्या.

जानेवारी ते एप्रिल हा खरा हंगाम. फ्लेमिंगोच्या, म्हणजेच रोहितच्या, दोन जाती इथे दिसतात; त्या ओळखायला चोच बघा. मोठ्या रोहितची चोच फिकट गुलाबी आणि टोकाला काळी, लहान रोहितची गडद लाल-काळी. लहान रोहित डोकं उलटं करून पाण्याच्या वरच्या थरातलं शेवाळ गाळून खातो, तर मोठा पायांनी चिखल ढवळून किडे-कोळंबी शोधतो. करड्या रंगाची दिसतात ती पिल्लं. गुलाबी रंग खाण्यातूनच चढत जातो. शेवाळाच्या या सुकाळामागे शहरांचं सांडपाणीही आहे, वासावरून ते लगेच कळतं.

बहुतेकांच्या नजरेतून उत्तरेकडचे छोटे पाहुणे निसटतात, याची खंत वाटते. सैबेरियाच्या थंड टुंड्रात घरटी करणारे टिलवे आणि बाकदार चोचीचे तुतारी पक्षी त्याच चिखलात धावत असतात. एप्रिलअखेर तुतारीची छाती विटकरी लाल होऊ लागते. तेवढं बघायलाही एक फेरी करावी. 8×42 ची दुर्बीण न्या, फोनच्या झूमला गुलाबी ठिपकेच मिळतात. कॅमेऱ्याला किमान 300 मिलिमीटरची लेन्स हवी. इंजिनाच्या थरथरीमुळे शटर 1/1000 च्या खाली ठेवू नका, आणि कोपर कठड्यावर टेकवलंत तर तीच थरथर फोटोत उतरते.

लाइफ जॅकेट सक्तीचं आहे. स्वच्छतागृह बोटीत नाही, आधीच जाऊन या. उभं राहून हाका मारल्या की थवा उठतो. त्या उड्डाणाचा फोटो छान येतो, पण पक्ष्यांचं खाणं मोडतं. चालकाला जवळ न्यायचा आग्रह धरू नका.

केंद्रातलं दालन मुलांसाठी ठीक, मोठ्यांना अर्धा तास पुरे. उरलेला वेळ तिवरांना द्या. चिखलातून वर आलेली श्वासमुळं आणि त्यांच्यामधून उड्या मारणाऱ्या निवट्या (चिखलातले छोटे मासे) जवळून बघायला मिळतात. या तिवरांत कोल्हेही आहेत, दिवसा मात्र क्वचित दिसतात. ऐरोली स्थानकावरून रिक्षाने या आणि बोट सुटण्याच्या अर्धा तास आधी पोचा, कारण पाणी उशिरा येणाऱ्यांसाठी थांबत नाही.