यू-९ पाणबुडीचं १/१४४ किट: साचा चोख, माहितीपत्रक बेभरवशाचं

जर्मन पाणबुडी म्हटलं की बाजारात जी जोडायच्या मॉडेलची किट्स मिळतात ती बहुतेक दुसऱ्या महायुद्धातल्या बोटींची. पहिल्या महायुद्धातली यू-९ प्लॅस्टिकमध्ये मिळते, हेच आधी विशेष. हा एकच साचा वेगवेगळ्या लेबलांखाली विकला जातो, म्हणून नावावर जाऊ नका. बोटीच्या अंगाचे डावा-उजवा असे दोन तुकडे, सुटा मनोरा आणि उभा व आडवा असे दोन धुराडे-पाइप असतील तर हेच ते. जळगाव-धुळ्यापर्यंतचा कुरिअर धरून साडेतीन हजारांच्या आसपास पडतं.

मूळ बोट ५७.३८ मीटर लांब आणि ६ मीटर रुंद. किट १/१४४, म्हणजे मूळच्या १४४व्या हिश्शाचं; १४४ने भागलं की ३९.८ आणि ४.२ सेंमी येतात. पट्टी लावली की किट तिथंच उतरतं. पैसे वसूल होतात ते इथं.

घोळ आहे माहितीपत्रकात. त्यात इंजिन डिझेलचं म्हटलंय, ते साफ चूक. यू-९ला कॉर्टिंग कंपनीची रॉकेलवर चालणारी इंजिनं होती. जर्मन पाणबुड्यांत डिझेल आलं ते यू-१९पासून. रॉकेलच्या इंजिनाचा पांढरा दाट धूर दिवसा लांबून दिसायचा आणि रात्री ठिणग्या उडायच्या. तो धूर बाहेर काढायलाच ते धुराडं, आणि बुडी मारण्याआधी ते आडवं पाडावं लागे. म्हणून पेरिस्कोप वर काढून बुडालेली बोट दाखवणार असाल तर आडवा पाइपच लावा. पत्रकातल्या चित्रात नेमका उभा दाखवलाय.

दुसरी चूक जास्त खटकते. '२२ सप्टेंबर १९१४' या रंगयोजनेत मनोऱ्यावर आयर्न क्रॉस, म्हणजे जर्मन शौर्यपदकाचं चिन्ह, चिकटवायला सांगितलाय. त्या सकाळी यू-९चा कप्तान ओटो वेडिगेननं हॉलंडच्या किनाऱ्याजवळ अबुकिर, हॉग आणि क्रेसी या तीन ब्रिटिश क्रूझर सुमारे दीड तासात बुडवल्या. १४००हून जास्त खलाशी गेले. क्रॉस रंगवायची परवानगी कैसरनं (जर्मन सम्राटानं) दिली ती या पराक्रमाबद्दल. मग तो त्याच सकाळी मनोऱ्यावर कुठून येणार? २२ सप्टेंबर हवा तर मनोरा कोरा ठेवा, क्रॉस हवा तर तारीख पुढची धरा. दोन्ही एकत्र नकोत.

टॉर्पेडो चारच दिलेत. टॉर्पेडो सोडायच्या नळ्या चार खऱ्या, दोन पुढे, दोन मागे. पण बोटीत टॉर्पेडो सहा असत आणि त्या दिवशी सहाही सुटले. म्हणजे पाण्याखाली असतानाच नळ्या पुन्हा भराव्या लागल्या. याचा सराव वेडिगेननं त्याच जुलैत करून घेतला होता. हॉगवर दोन सोडल्यावर पुढचा भार एकदम हलका झाला आणि नाक पाण्यावर आलं. पाण्याबाहेर नाक काढलेली बोट दाखवायची असेल तर हा क्षण घ्या. कमी पडलेले दोन टॉर्पेडो ३ मिमीच्या प्लॅस्टिक रॉडमधून निघतात. ४५ सेंमी व्यासाला १४४ने भागलं की जवळपास तेवढेच येतात.

आता जोडणी. एप्रिल-मेमध्ये मागवलं तर कुरिअरच्या गाडीत तापून अंगाचे तुकडे वाकून येतात. ओट्याच्या कडप्प्यावर ठेवले की फट लगेच कळते. ६५-७० अंशांचं पाणी मोठ्या परातीत घ्या (कळण्याचं पीठ मळायची चालेल, घरच्यांना विचारून), तुकडा दोन मिनिटं बुडवा आणि कडप्प्यावर दाबून गार होऊ द्या. उकळतं पाणी नको, कडा लोळतात. आत आधाराच्या पट्ट्या नाहीतच. १ मिमी शीटच्या चार आडव्या पट्ट्या कापून बसवा, नाहीतर मधली सांध पुढे उघडते.

गोंद पॉलिस्टायरिनचाच घ्या. ठिबकच्या दुकानात पाइप जोडायचं सोल्युशन हाताशी असतं, पण ते या पातळ प्लॅस्टिकला खाऊन टाकतं. सांध रात्रभर दाबून ठेवा, मग पुट्टी, मग ४००, ६०० आणि १०००चा वॉटर पेपर, ओला करूनच. डेकवरच्या बारीक रेघा घासून जातात, तिथं टेप लावा.

पितळी कठडे सुबक आहेत, पण कूलरसमोर ते चिकटवू नका. दमट हवेत इन्स्टंट ग्लूची वाफ पांढरी होऊन रंगावर बसते आणि लॅकरही दुधाळ होतं. कूलर बंद केला की दुसरी अडचण: ४३-४४ अंशांत अॅक्रिलिक रंग एअरब्रशच्या तोंडाशीच सुकतो. रिटार्डरचे (रंग सावकाश सुकवणाऱ्या द्रवाचे) एक-दोन थेंब घाला आणि सकाळी आठच्या आत फवारणी उरका.

डेकल (चिकटवायची चिन्हं) जाड आहेत. मॅट रंगावर थेट लावले तर खाली हवा राहून चंदेरी दिसतात. आधी ग्लॉसचा हात द्या, मॅट शेवटी.

किट घ्यावं, पत्रक बाजूला ठेवावं. मागवायचं असेल तर दिवाळीनंतर मागवा आणि विक्रेत्याला अंगाचे तुकडे पुठ्ठ्याच्या नळीत घालून पाठवायला सांगा. सांगितलं नाही तर पातळ खोक्यातच येतं.