किनारी रेडवूडची बी-पेटी: दोन तारे, त्यातला एक बोंडाचा

देवगडात आंब्याची कलमं बांधण्यात माझी पंचवीस वर्षं गेली, म्हणून भाच्याने वाढदिवसाला किनारी रेडवूड या अमेरिकेतल्या उंच सूचिपर्णी झाडाची ही बी-पेटी मागवून दिली. किंमत ४४९ रुपये. आत ५० बिया, कोकोपीटच्या सहा चकत्या, कागदी कुंड्या, एक माहितीपत्रक आणि त्या झाडाचं एक सुकं बोंड. कोकोपीट बघून हसूच आलं. आमच्या परड्यात सोडणांचा ढीग पडलाय, आणि तोच भुसा दाबून, विकत होऊन परत घरी आला.

पत्रकात पहिलंच वाक्य: 'समुद्रकिनारी हवामानात जोमाने वाढते.' माझी खरी तक्रार या एका वाक्याची आहे. ते पुढे सांगतो.

आधी बियांबद्दल, कारण तिथे मी विक्रेत्यावर उगाच डाफरणार होतो. बी तिळाएवढं, चपटं, वाऱ्यावर उडेल असं. सवयीने कलमाच्या चाकूने दहा बिया कापून पाहिल्या. सहांत गर नाहीच, नुसता तांबूस ठिसूळ भुगा. फसवलं म्हणून मेल लिहायला बसलो, तर वाचनात आलं की ही या झाडाची जातच आहे. पुष्कळ बिया पोकळ किंवा टॅनिन या तुरट द्रव्याने भरलेल्या निघतात. त्याची भिस्त बियांवर कमी, फुटव्यावर जास्त. सूचिपर्णी झाडांत हे दुर्मीळ. तोडलं, जळलं, तरी बुंध्याभोवतीच्या कोंबांतून नवी खोडं उठतात, मूळ झाड कुजून गेल्यावरही त्यांचं रिंगण उरतं. आम्ही तरवा, म्हणजे भाताच्या रोपांची जागा, भाजायला ऐनाच्या फांद्या तोडतो आणि तो पुढच्या वर्षी परत फुटतो, तसं समजा. फक्त हे दोन हजार वर्षं चालू शकतं. जुन्या झाडाची साल ३० सेंटिमीटरपर्यंत जाड असते, तिच्यात टॅनिन भरपूर आणि राळ जवळजवळ नाही. म्हणून वणवा खालून निघून जातो आणि झाड उभं राहतं.

पत्रकावरचा फोटो मात्र चुकीचा. खाली 'जनरल शर्मन' लिहिलंय. ते झाड याचं चुलत भावंड, जायंट सिक्वोया. समुद्रापासून लांब, कॅलिफोर्नियातल्या सिएरा नेवाडाच्या डोंगरात, बर्फात वाढणारं. त्याचं बोंड कोंबडीच्या अंड्याएवढं, आणि पेटीतलं सुपारीएवढं. म्हणजे माल बरोबर आणि चित्र भलतं. पैसे घेताना एवढं तरी बघावं.

उरलेल्या चाळीस बिया दिवाळीनंतर पेरल्या. तिसऱ्या आठवड्यात सात उगवल्या. आये बघून म्हणाली, "ह्यां सुरूचांच रोप मां?" तिची चूक नाही, लांबून तसंच दिसतं. माघात तीन रोपं मुळाशी काळी पडून आडवी झाली. उरलेली चार मी विहिरीच्या कठड्याशी, ओल्या गोणपाटाच्या सावलीत ठेवली.

आता ते 'समुद्रकिनारी'. हे झाड राहतं ऑरेगॉनच्या दक्षिण टोकापासून कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यालगतच्या अरुंद पट्ट्यात. तिथला समुद्र थंड. उन्हाळ्यात त्यावरून येणारी ओली हवा गार होऊन धुकं बनते आणि रोज जंगलात शिरते. पाऊस तिकडे हिवाळ्यात, उन्हाळा जवळजवळ कोरडा. तेवढ्या महिन्यांत झाड धुक्यावर निभावतं: पानं थेट पाणी शोषतात, बाकीचं थेंबथेंब मुळांशी गळतं. वर्षाच्या पाण्याचा सुमारे तिसरा हिस्सा धुक्यातून येतो असं तिकडे मोजलेलं आहे. पत्रकातली ११५ मीटरची उंची थाप नाही. २००६ मध्ये सापडलेलं 'हायपेरियन' ११५.९ मीटर भरलं, म्हणजे आमचे पाच माड एकावर एक. एवढ्या उंचीवर मुळांतून पाणी चढवणं जड जातं, म्हणून शेंड्याची पानं खालच्यांपेक्षा बारकी, खवल्यांसारखी असतात.

आणि आमचा किनारा? समुद्र कोमट. तीन हजार मिलिमीटर पाऊस चार महिन्यांत कोसळतो, मग मृगापर्यंत आभाळ कोरडं. धुकं येतं ते नेमकं मोहोराच्या वेळी, आणि दाटलं की भुरी नि करपा, पंप खांद्यावर घेऊन आम्ही त्याला शिव्या घालतो. जे त्या झाडाचं पाणी, ते आमचं दुखणं. मेमध्ये रात्रीसुद्धा घाम थांबत नाही. सकाळ-संध्याकाळ पाणी फवारूनही मेच्या दुसऱ्या आठवड्यात चौथं रोपही टोकाकडून तांबूस होत वाळलं.

विक्रेत्याला लिहिलं. उत्तर दोन दिवसांत आलं, ते चांगलं. पण मजकूर असा: 'आपण पाणी जास्त दिलं असेल.' देवगडच्या मेमध्ये जास्त पाणी! पैसे परत नाहीत, दुसरं पाकीट मात्र फुकट पाठवलं.

बियांना एक तारा, बोंडाला एक. ते आता टीव्हीवर ठेवलंय आणि येणारा जाणारा हातात घेऊन बघतो. पत्रकाला शून्य. किनाऱ्यावर राहणाऱ्यांनी घेऊ नये. दुसरं पाकीट फ्रिजमध्ये अंड्यांच्या कप्प्यात पडून आहे. भाच्याचा मित्र हिमाचलात नोकरीला आहे, तो गणपतीला आला की त्याच्या बॅगेत घालणार.