बॉलवरचं साल शाबूत ठेवणारं दुकान

सोलापुरात दयानंद कॉलेज निघालं ते १९४० साली. त्याआधी मॅट्रिकच्या पुढे शिकायचं म्हणजे पुणं, सांगली, नाहीतर कोल्हापूर. त्यामुळे इथल्या जुन्या घरांतल्या ट्रंकांमधून युद्धापूर्वीच्या कॉलेज फुटबॉल टीमचे जे ग्रुप फोटो निघतात, ते बहुतेक बाहेरगावी काढलेले असतात. फोटो जाड पुठ्ठ्यावर चिकटवलेला, मधोमध जिंकलेला कप, खाली नावांची ओळ आणि कॅप्टनच्या पायाशी साल लिहिलेला बॉल. त्या मोसमाचा एवढाच पुरावा घरात उरलेला असतो. असे फोटो कॉपी करून दुरुस्त करणारं एक छोटं दुकान नवी पेठेत आहे. १९३७-३८ च्या मोसमाचा, १० बाय १२ इंची फोटो तिथे दिला होता, त्या कामाचं हे परीक्षण.

पहिली चांगली गोष्ट काउंटरवरच दिसते. फ्रेम हातात आली की लगेच काच काढायला कोणी धावत नाही. पावसाळ्यात भिंतीला ओल आली की फोटोवरचा जिलेटिनचा थर फुगतो, काचेला टेकतो आणि वाळताना तिथेच चिकटून बसतो. काच ओढली की चेहऱ्यासकट थर निघून येतो, मग कितीही पैसे मोजा, तो परत येत नाही. इथे आधी टॉर्च तिरका धरून बघतात. काचेमागे ओलसर दिसणारा गडद डाग असला तर काचेसकटच कॉपी करतात. आपल्याकडच्या फोटोत डाव्या कोपऱ्यात रुपयाएवढा भाग चिकटला होता. तो त्यांनी तसाच ठेवला, हे योग्यच केलं.

कॉपी स्कॅनरवर न करता कॅमेऱ्यानं करतात, त्यालाही कारण आहे. पुठ्ठा वाकलेला असतो आणि साध्या पातळ स्कॅनरला काचेपासून जरा वर असलेला भाग धूसर दिसतो. शिवाय जुन्या फोटोच्या काळ्या भागांवर निळसर चांदी चढलेली असते, ती स्कॅनरच्या उजेडात चमकते. इथे दोन्ही बाजूंना ४५ अंशांवर दिवे, दिव्यांपुढे आणि लेन्सवर पोलरायझर, म्हणजे चमक कापणारा फिल्टर. चमक जवळपास पूर्ण जाते. फाइल टिफमध्ये (बारकावे न दाबणारा फाइलचा प्रकार) मागा आणि मूळ फोटोच्या मापावर निदान ६०० डीपीआय, म्हणजे इंचाला ६०० पिक्सेल, मागा. ग्रुप फोटोत एक चेहरा जेमतेम सेंटिमीटरभर असतो. ६०० ला त्याचे साधारण २३६ पिक्सेल मिळतात, १२०० ला ४७२. चेहरे आणि बॉल यांच्यासाठी १२०० च हवं. ते वेगळं सांगावं लागतं, आपणहून करत नाहीत.

खरी परीक्षा दुरुस्तीची. पहिला प्रूफ, म्हणजे तपासायला दिलेली कच्ची प्रत, आला तो सॉफ्टवेअरच्या एका बटणावर केलेला, आणि तो सपशेल चुकला होता. त्या काळचा बॉल कातडी पट्ट्यांचा. आत रबरी ब्लॅडर घालायचं, हवा भरून नळी बांधून आत खोचायची आणि वरची चीर लेसनं आवळायची. फोटोत ती लेस उभ्या ओरखड्यासारखी दिसते. सॉफ्टवेअरनं ओरखडा समजून ती पुसली आणि बॉल आजच्यासारखा गुळगुळीत करून टाकला. त्याच्याच खाली सालातल्या इंग्रजी ८ च्या खालच्या गोलाची डावी बाजू उडालेली होती, तिथे ९ करून ठेवला. ३७-३९ असा मोसम कुठला असणार! पुढच्या रांगेतल्या दोघा अनवाणी खेळाडूंच्या घोट्यांवरच्या पट्ट्यांचे मोजे झाले, आणि एकाच्या पायात चक्क बूट आले. हे छोटं प्रकरण नाही. १९११ साली कोलकात्याच्या मोहन बागान क्लबनं ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंट या ब्रिटिश लष्करी टीमला २-१ हरवून आयएफए शील्ड ही स्पर्धा जिंकली, तेव्हा अकरातले दहा जण अनवाणी होते. अनवाणी पाय हा आपल्या फुटबॉलच्या इतिहासाचाच भाग आहे, तो ‘दुरुस्त’ करायचा नसतो.

चुका दाखवल्यावर मात्र दुकानदारानं वाद घातला नाही. मूळ फाइल पुन्हा उघडून बॉलचा भाग हातानं केला. मोठं करून पाहिल्यावर ८ च्या तुटलेल्या कडेला पांढऱ्या रंगाचे चार-पाच कण शिल्लक दिसले, तेवढ्या आधारावर गोल जोडला, बाकी काही रंगवलं नाही. लेसचे सहाच्या सहा आडवे टाके परत आले. या एका कामासाठी हे दुकान शिफारस करण्याजोगं आहे.

प्रूफ व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो म्हणून पाठवतात, त्यात बारकावे दबतात. डॉक्युमेंट म्हणून मागवा, किंवा दुकानात जाऊन मोठ्या स्क्रीनवर बघा. बघताना नावांची ओळ आधी तपासा. त्यांच्या ठरलेल्या मापात ती सरळ कापली जाते. जर्सीवर नंबर शोधून उपयोग नाही, इंग्लंडच्या लीगमध्येसुद्धा ते १९३९ मध्ये सक्तीचे झाले. कोण कुठे उभा हे त्या ओळीवरूनच कळतं. गोलकीपर तेवढा जर्सीच्या वेगळ्या छटेवरून ओळखू येतो, म्हणून कॉन्ट्रास्ट फार चढवू देऊ नका.

रंगीत करून देतो म्हणतात, ते घेऊ नका. त्या काळच्या कित्येक फिल्म आणि प्लेटा लाल रंगाला आंधळ्या होत्या. लाल जर्सी काळी उमटायची, निळी फिकट. कॉलेजचे रंग कागदोपत्री माहीत नसतील तर रंगवणारा अंदाजच करणार, आणि पुढच्या पिढीला तोच खरा वाटणार.

फ्रेमिंग हा दुकानाचा कच्चा भाग. मागे हार्डबोर्ड, फोटोला चिकटपट्टी, वर चकचकीत लॅमिनेशन. तिन्हींना नाही म्हणा. मॅट कागदावर प्रिंट, अ‍ॅसिड-फ्री माउंट (फोटोभोवतीचा आम्ल नसलेला पुठ्ठा) आणि काच व फोटो यांच्यामध्ये दोन-तीन मिलिमीटरची फट, एवढं सांगितलं तर करून देतात. त्याचे तीन दिवस जास्त लागतात. फ्रेम पश्चिमेच्या भिंतीवर लावू नका. मे महिन्यात पारा ४२-४३ वर गेला की ती भिंत रात्रीपर्यंत तापलेली असते. मूळ फोटो तर भिंतीवर नकोच. अ‍ॅसिड-फ्री कागदात गुंडाळून, आडवा, कपाटाच्या मधल्या खणात ठेवा. डांबरगोळ्या शेजारी नकोत. कसर लागू नये म्हणून दर दिवाळीला आवराआवर करताना एकदा उघडून बघा.