पेठांचा फूड वॉक: तोंडात विसावं शतक, कानात पेशवाई

शनिवारी-रविवारी सकाळी शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाज्यासमोर टोप्या, पाण्याच्या बाटल्या आणि पांढऱ्या स्पोर्ट्स शूजचा घोळका दिसला की समजावं, वॉक निघाला. पुण्याच्या पेठांमध्ये असे खाद्य-इतिहासाचे वॉक घेणारे आता बरेच आहेत. आयोजक निरनिराळे असले तरी मार्ग थोड्याफार फरकाने एकच: कसबा गणपती, लाल महाल, शनिवारवाडा, दगडूशेठ, मंडई, तुळशीबाग, विश्रामबागवाडा. अंतर अडीच-तीन किलोमीटर, वेळ तीन तास, मध्ये चार-पाच ठिकाणी खाणं. त्यामुळे हे परीक्षण कुणा एका आयोजकाचं नाही. या मार्गावर पैसे कुठे वसूल होतात आणि कुठे पाण्यात जातात, एवढंच इथे पाहायचं आहे.

सगळ्यात मोठी खोट आधी. जाहिरातीत ‘पेशवाई खाद्यसंस्कृती’ लिहिलेलं असतं आणि प्रत्यक्षात हातात येतात मिसळ, बटाटेवडा, साबुदाणा खिचडी, अमृततुल्य चहा आणि मस्तानी. यातलं काहीही पेशवाईतलं नाही. पेशवाई १८१८मध्ये संपली. आसामात चहाचे मळे त्यानंतर लागले आणि चहा सामान्य माणसाच्या घरात शिरला तो विसाव्या शतकात. बटाटा आपल्याकडे रुळला इंग्रजी अमदानीत. टॅपिओकाच्या कंदापासून साबुदाणा करण्याचा धंदा तामिळनाडूत सेलमच्या आसपास उभा राहिला १९४०च्या दशकात. दाट दुधावर आइस्क्रीमचा गोळा ठेवलेली मस्तानी तर बर्फाच्या यंत्रांच्या जमान्यातली. बाजीरावाच्या मस्तानीशी तिचं नातं फक्त नावापुरतं. मार्गदर्शक ग्लास हातात देऊन बुंदेलखंडाची कहाणी सांगायला लागला, तर ग्लास रिकामा करावा आणि कहाणी सोडून द्यावी.

म्हणजे या पदार्थांना इतिहास नाही असं नव्हे. उलट त्यांचा स्वतःचा इतिहास पेशवाईइतकाच रंजक आहे, फक्त तो वेगळा आहे. शिकायला आणि नोकरीला आलेली एकटी मुलं, छापखान्यांतले कामगार, कचेऱ्यांतले कारकून, नाटक-सिनेमावाले अशी घरचं जेवण नसलेली माणसं पेठांत राहायला आली आणि त्यांच्यासाठी खाणावळी आणि उपाहारगृहं निघाली. लक्ष्मी रस्त्यावरचं पूना गेस्ट हाउस १९३५चं. ते काढलं नानासाहेब सरपोतदारांनी, म्हणजे मूकपटांच्या काळातल्या लेखक-दिग्दर्शकाने. पुण्यातला अमृततुल्य चहाचा धंदा उभा केला तो राजस्थानातून आलेल्या श्रीमाळी कुटुंबांनी. नारायण पेठेतल्या मुंजाबाच्या बोळातलं बेडेकरांचं मिसळीचं दुकान १९४८चं, चितळे बंधूंचं दुकान १९५०चं. हे सगळं सांगणारा मार्गदर्शक मिळाला तर वॉकचे निम्मे पैसे तिथेच फिटले. दुर्दैवाने बहुतेकांच्या बोलण्यात बाजीराव, मस्तानी आणि नारायणराव एवढेच असतात. १८१८नंतर पुण्यात कुणी राहतच नव्हतं की काय, असं वाटावं.

दुसरी खोट घड्याळाची. कसब्यातून साडेसातला निघायचं हा क्रम ऐतिहासिक दृष्टीने नीट दिसतो: आधी शहाजी-जिजाबाईंचं पुणे, मग पेशवे, मग इंग्रज. पण पेठांचं घड्याळ बरोबर उलटं चालतं. मिसळ सकाळची. बेडेकरांकडे रविवारी नऊनंतर बोळात रांग लागते आणि दुपारी उशिरा गेलात तर हात हलवत परत यावं लागतं. याउलट कसब्यातली तांब्याची भांडी घडवणाऱ्यांची तांबट आळी जागी होते दहाच्या सुमाराला. साडेसातला तिथे पोचलेल्यांना बंद फळ्या दिसतात आणि ‘इथे फार सुंदर ठोक्यांचा आवाज येतो’ हे ऐकावं लागतं. तीन तासांनी मिसळीच्या रांगेत उभं राहायची वेळ येते तेव्हा ऊन डोक्यावर, पोट रिकामं आणि निम्मा घोळका फोनमध्ये.

म्हणून मार्ग उलटा असलेला वॉक निवडावा, म्हणजे नारायण पेठेतून सुरू होऊन कसब्यात संपणारा. डेक्कन जिमखाना मेट्रो स्थानकावर उतरून लकडी पूल ओलांडला की दहा-पंधरा मिनिटांत नारायण पेठ. शेवट कसबा पेठ स्थानकाजवळ. जिल्हा न्यायालय ते स्वारगेट हा भुयारी मार्ग सप्टेंबर २०२४मध्ये सुरू झाल्यापासून कसबा पेठ आणि मंडई अशी दोन स्थानकं थेट पेठांत आहेत. या भागात गाडी आणणं म्हणजे पहिला अर्धा तास पार्किंगच्या नावाने घालवणं. आयोजक ‘शनिवारवाड्यासमोर पार्किंग मिळेल’ असं म्हणत असेल तर तो रविवारी सकाळी तिथे स्वतः गाडी घेऊन गेलेला नाही. उलट मार्गाचा आणखी एक फायदा म्हणजे काळही उलटा उलगडतो. १९४८ची मिसळ, १९०५मध्ये टिळकांनी गायकवाडांकडून विकत घेतलेला वाडा (आजचा केसरीवाडा), १८८६ची मंडई, १७३२चा शनिवारवाडा आणि सर्वांत शेवटी कसबा. मागे मागे जाताना श्रोत्यांचा गोंधळ कमी होतो, कारण जे ओळखीचं आहे तिथून सुरुवात होते.

मिसळीच्या थांब्याचं गणित काटेकोर हवं. बेडेकरांकडे टेबलं मोजकी, जागा राखून ठेवण्याची भाषा नाही. वीस जणांचा घोळका नेला की पाच-पाच जण आत जाणार आणि बाकीचे बोळात स्कूटरना वाट देत उभे राहणार. शेवटची पाच माणसं खाऊन बाहेर येईपर्यंत पाऊण तास जातो. दहा-बारांवर माणसं घेणारा वॉक घेऊ नये. चव सांगायची तर ही मिसळ गोडसर अंगाची, पोहे-शेव-बटाट्याची भाजी असलेली, सोबत पावाऐवजी स्लाइस. कोल्हापुरी कटाची सवय असलेल्याने नाक मुरडू नये, सॅम्पल, म्हणजे वरचा रस्सा, मागून घ्यावं. वेगळ्या घराण्याची हवी असेल तर फडके हौदाजवळच्या वैद्यांकडची हिरव्या मिरची-आल्याच्या रश्श्याची मिसळ. लाल तवंग नसूनही ती टाळूला बरोबर कळते. दोन्ही एका सकाळी खाऊ घालणारे वॉक आहेत. तो प्रकार खाण्यापेक्षा शर्यतीचा. एक पूर्ण मिसळ आणि दोन स्लाइस हा धडधाकट नाश्ता झाला. त्यानंतर तीन तासांत एक अमृततुल्य, दोन-तीन बाकरवड्या आणि एखादा बटाटेवडा दोघांत, एवढंच नीट बसतं. ‘दहा पदार्थ’ लिहिलेलं असेल तर तीन पदार्थ चमचाभर मिळतील किंवा पोट बिघडेल.

मस्तानीचं तर सकाळच्या वॉकमध्ये कामच नाही. मस्तानीची दुकानं साधारण अकराच्या पुढची. ती गाठायची म्हणून मार्गदर्शक मंडईत उगीच वेळ काढतो, नाहीतर तिखट रश्श्यावर लगेच थंड दूध ओतायला लावतो. ज्याला मस्तानी हवी त्याने संध्याकाळचा वॉक घ्यावा, मात्र संध्याकाळी लक्ष्मी रस्त्यावर आणि तुळशीबागेत चालायला जागा नसते आणि मार्गदर्शकाचं बोलणं रिक्षांच्या हॉर्नमध्ये विरून जातं. कानात लावायचे छोटे रिसीव्हर देणारे आयोजक थोडे आहेत. संध्याकाळचा वॉक असेल तर ते आहेत का, हे विचारल्याशिवाय पैसे भरू नयेत.

विश्रामबागवाडा दुसऱ्या बाजीरावाचा, १८०८च्या सुमाराला पुरा झालेला. इथे सुरूच्या झाडाच्या आकाराचे नक्षीदार खांब आणि सज्जा पाहायला थांबायचं ते रस्त्याच्या पलीकडच्या फुटपाथवरून, कारण दाराशी उभं राहिलं की वर काहीच दिसत नाही. १८२१मध्ये इंग्रजांनी इथे संस्कृत पाठशाळा काढली आणि आजचं डेक्कन कॉलेज आपली सुरुवात तिथूनच मोजतं. हे न सांगता पुढे जाणारे मार्गदर्शक जास्त भेटतात. तुळशीबागेत शिरायची वेळ दुकानं उघडण्याआधीची, म्हणजे साडेनऊ-दहाची. तेव्हाच राममंदिराचं आवार मोकळं सापडतं. नारो अप्पाजी तुळशीबागवाल्यांनी १७६१च्या सुमाराला काम सुरू केलेलं हे देऊळ अकरानंतर कानातली, पिना आणि भातुकलीच्या भांड्यांमागे हरवतं.

मंडई हा या वॉकचा मध्यबिंदू, आणि बहुतेक जण तिथे फक्त फोटो काढतात. गॉथिक धाटणीची, अष्टकोनी मनोऱ्याची ही इमारत गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या नावाने रे मार्केट म्हणून उभी राहिली. त्याआधी भाजीबाजार शनिवारवाड्यासमोरच्या पटांगणात भरत असे. नगरपालिकेत या इमारतीवरच्या खर्चाला विरोध करणारे सदस्य होते जोतीराव फुले. तो पैसा शिक्षणावर घाला, असं त्यांचं म्हणणं. पुढे त्याच इमारतीला महात्मा फुले मंडई हे नाव मिळालं. एवढा मजकूर फुकट पडलेला असताना मार्गदर्शक ‘व्हेजिटेबल मार्केट’ म्हणून पाच मिनिटांत आटोपत असेल तर त्याची तयारी कच्ची. इथे आठ ते दहा या वेळात माल ताजा असतो, ओट्यांवर गिऱ्हाइकी चालू असते. घोळक्याने वाट अडवली तर विक्रेते सुनावतात, आणि ते बरोबरच आहे. भाजी घेतल्याशिवाय कुणाच्या तोंडासमोर कॅमेरा धरू नये.

बुधवार पेठेतल्या भिडेवाड्यापाशी काही वॉक अजून ‘हा पाहा वाडा’ म्हणतात. १ जानेवारी १८४८ला सावित्रीबाई आणि जोतीरावांनी जिथे मुलींची शाळा सुरू केली ती जुनी वास्तू डिसेंबर २०२३मध्ये पाडली गेली, स्मारकासाठी. जाहिरातीत तिचा जुना फोटो असेल तर माहिती कधीची आहे ते कळतं. लाल महालाचीही तीच गत. शाहिस्तेखानावरचा १६६३चा छापा याच परिसरातला, पण आजची इमारत पुणे महापालिकेने १९८०च्या दशकात बांधलेली आहे. हे न सांगता ‘याच खिडकीतून बोटं तुटली’ म्हणणं ही सरळ फसवणूक.

शनिवारवाड्यात आत जावं की नाही? तिकीट शुल्कात धरलेलं असेल तरच आणि ऊन चढण्याआधी. १७३०च्या जानेवारीत पाया घातला, दोन वर्षांनी वास्तुशांत, १८२८च्या आगीत आतले महाल गेले. उरले ते तट, दरवाजे, जोती आणि कारंज्याचे हौद. आत सावली नाही. चांगला मार्गदर्शक नगारखान्याच्या जिन्यावरून वर नेऊन जोत्यांच्या रेषांवरून चौक कुठे होते ते दाखवतो. वाईट मार्गदर्शक ‘काका मला वाचवा’ ऐकू येतं का विचारतो. नारायणरावांचा खून ३० ऑगस्ट १७७३चा, त्याला दरबारी राजकारणाची लांबलचक कारणं आहेत. अमावास्येच्या किंकाळ्यांवर वीस मिनिटं गेली की ती कारणं राहून जातात.

खाणं आणि पेशवाई यांना खरंच जोडणारा दुवा एकच आणि तो वॉकमध्ये क्वचित येतो: पाणी. नानासाहेब पेशव्यांच्या काळात कात्रजच्या तलावातून दगडी बांधणीच्या भुयारी नळाने पाणी उताराच्या जोरावर पेठांत आणलं गेलं, जागोजागी हौद बांधले. फडके हौद, काळा हौद ही नावं त्यातूनच राहिली आहेत. स्वयंपाकाला पाणी कुठून यायचं हे कळलं की पेठ अशी का वसली तेही उलगडतं. नोंदणी करताना ‘हौद दाखवता का?’ एवढा एक प्रश्न विचारावा. उत्तरावरून मार्गदर्शकाचा अभ्यास कळतो.

थोडं जास्त चालायची तयारी असेल तर नागझरी ओढ्यापलीकडे सोमवार पेठेतलं त्रिशुंड गणपतीचं देऊळ जोडलेला मार्ग घ्या. भीमगीर गोसाव्यांनी १७५४मध्ये सुरू केलेलं काळ्या दगडाचं देऊळ, दर्शनी भिंतीवर साखळदंडाने बांधलेला गेंडा आणि त्याच्याशेजारी इंग्रजी पोशाखातले शिपाई. एवढं एक शिल्प पाहायला अर्धा तास वाढला तरी चालेल.

पैसे भरण्याआधी विचारायच्या गोष्टी: खाणं शुल्कात आहे की वेगळं, पाऊस आल्यास काय (जून ते सप्टेंबर बोळांतल्या फरश्या निसरड्या होतात, रबरी तळाची चप्पल-बूट हवेत), बायकांसाठी स्वच्छतागृह कोणत्या थांब्यावर. सोय नीट असते ती बसून खाण्याच्या हॉटेलातच, म्हणून पूना गेस्ट हाउससारखा एक थांबा मध्ये असणं ही चैन नव्हे, गरज आहे. शेंगदाण्याची ॲलर्जी असलेल्यांनी आधीच सांगावं, कारण इथे कूट कशात नाही ते शोधावं लागतं. गणेशोत्सवाचे दिवस मात्र टाळावेत. मानाचे गणपती याच भागात, रस्ते बंद आणि कुठलाच थांबा वेळेवर होत नाही.

तांबट आळीत शेवटी पोचलात तर खरेदीला वेळ राहतो. पत्र्याला आकार देऊन झाल्यावर हातोडीने एकसारखे ठोके देतात, त्याला मठारणं म्हणतात. त्याने नक्षी येतेच, शिवाय तांबं कडक होतं आणि भांडं चेपत नाही. म्हणून आतून बोट फिरवून ठोके एकसारखे आणि एकमेकांना लागून आहेत का पाहावं. विरळ ठोक्यांचं भांडं दिसायला चकचकीत, वापरायला मऊ. पिण्याच्या पाण्याचा तांब्या कल्हईशिवाय चालतो. आंबट आमटी-वरण शिजवायचं पातेलं घेणार असाल तर आतून कथलाची कल्हई करूनच घ्यावं, आणि पुढची कल्हई कुठे होईल तेही तिथेच विचारून ठेवावं. भाव वजनावर असतो, तेव्हा काट्यावर ठेवलेलं भांडं झाकणासकट की झाकणाविना, ते पाहून मगच घासाघीस सुरू करावी.